‘बार्बेरियन्स’चा पहिला भाग: खरं किती, पदरचं किती आणि आपण काय उचलावं

तुमचा प्रश्न थोडक्यात असा आहे. ऐतिहासिक मालिकेचा पहिला भाग तुम्ही लिहायला घेतला आहे. क्रिएटिव्ह टीमने नमुना म्हणून नेटफ्लिक्सवरच्या ‘बार्बेरियन्स’ या जर्मन मालिकेचा पहिला भाग पाहायला सांगितला. तो तुम्हाला भिडला, पण शंकाही आल्या: रोमनांनी जर्मन टोळ्यांकडून खरंच अशी खंडणी उकळली का, सोन्याचा गरुड चोरण्याचा प्रकार घडला होता का, आर्मिनियस हा रोमन सेनापती वारुसचा मानसपुत्र होता का? आणि यातलं बरंचसं रचलेलं असेल तर ते क्षम्य मानायचं का?

ज्यांनी पाहिलेला नाही त्यांच्यासाठी सांगतो. ऑक्टोबर २०२० मध्ये आलेल्या या मालिकेचा पहिला सीझन सहा भागांचा आहे आणि त्याचा शेवट इ.स. ९ मधल्या ट्यूटोबुर्गच्या जंगलातल्या लढाईने होतो, जिथे आर्मिनियसच्या नेतृत्वाखाली जर्मन टोळ्यांनी वारुसचं सैन्य बुडवलं. पहिल्या भागात चेरुस्की टोळीच्या गावात रोमन येतात आणि गावाला न झेपणारी खंडणी मागतात. टोळीतला सरदार सेगेस्टेस आपल्या मुलीचं, थुस्नेल्डाचं, लग्न तिच्या मनाविरुद्ध ठरवतो. तिचा प्रियकर फोल्कविन साथीदारांना घेऊन रोमन छावणीतून लीजनचा (रोमन सैन्यदलाचा) निशाणाचा गरुड पळवतो. आणि त्याच छावणीत आर्मिनियस आहे: जन्माने चेरुस्की, लहानपणी ओलीस म्हणून रोमला गेलेला, वारुसने मुलासारखा वाढवलेला.

सरळ उत्तर द्यायचं तर सांगाडा खरा आहे. वारुस, आर्मिनियस, थुस्नेल्डा, सेगेस्टेस ही माणसं होऊन गेली. खंडणी खरी आहे. फोल्कविन काल्पनिक आहे, गरुडाची चोरी काल्पनिक आहे, मानसपुत्राचं नातं काल्पनिक आहे. पण एवढ्यावर थांबलो तर तुमच्या हाती काहीच लागणार नाही. इतक्या वर्षांच्या ऐतिहासिक पटकथालेखनातून माझं एक मत पक्कं झालं आहे: प्रतिकाराच्या कथेचा पहिला भाग लढाईची चाहूल देण्यासाठी नसतो, शरणागती रोज कशी भोगावी लागते ते दाखवण्यासाठी असतो. प्रेक्षकाला ती किंमत कळली तरच पुढची तलवार त्याच्या हातात येते. या कसोटीवर हा भाग अर्धाच उतरतो. उरलेला अर्धा भाग जुन्या ग्रंथांत आयता पडून होता आणि तो त्यांनी उचलला नाही.

इ.स. ९ मध्ये तिथे नेमकं काय चाललं होतं ते आधी नीट समजून घ्या. पडद्यावर असं वाटतं की रोमन सैन्य नुकतंच येऊन धडकलं आहे. प्रत्यक्षात रोमन सम्राट ऑगस्टसचा सावत्र मुलगा ड्रूसस इ.स.पू. १२ मध्ये ऱ्हाईन नदी ओलांडून गेला होता, इ.स.पू. ९ मध्ये एल्ब नदीपर्यंत पोहोचला होता आणि त्याच मोहिमेत घोड्यावरून पडून मेला होता. त्याच्यानंतर त्याच्या भावाने, टायबेरियसने, काम पुढे नेलं. म्हणजे वारुस आला तेव्हा त्या टोळ्यांच्या एका अख्ख्या पिढीने रोमन पाहिले होते, त्यांच्याशी व्यापार केला होता, त्यांच्या फौजेत चाकरी केली होती. विजय मिळवण्याचा काळ सरून विजय वसूल करण्याचा काळ लागला होता.

इतिहासकार कॅसियस डिओ याबद्दल जे सांगतो ते मी प्रत्येक नव्या लेखकाला वाचायला लावतो. तो म्हणतो, रोमन सैनिक तिथे हिवाळ्याला मुक्काम करत होते, नगरं वसत होती, तिथले लोक बाजार भरवू लागले होते, शांततेने सभा घेऊ लागले होते. ते आपल्या चालीरीती विसरले नव्हते, पण बदल हळूहळू होत होता तोवर त्यांना तो खुपत नव्हता, आपण बदलतोय हे त्यांच्या ध्यानातही येत नव्हतं. वारुसने घाई केली. गुलामांना द्यावेत तसे हुकूम दिले, आणि जिंकलेल्या प्रजेकडून घ्यावेत तसे पैसे मागितले. ठिणगी तिथे पडली.

डिओच्या त्या ‘नगरं वसत होती’ या शब्दांवर अभ्यासक फारसा विश्वास ठेवत नसत. जर्मनीच्या त्या जंगलात रोमन नगर कुठलं? मग हेसेन राज्यात लान नदीच्या खोऱ्यात वाल्डगिर्मेस इथे १९९३ पासून उत्खनन झालं. लाकडी तटबंदी, आत सरळ आखलेले रस्ते, मध्यभागी दगडी पायाचा चौक, आणि सैनिकांच्या बराकींचा पत्ता नाही. तिथल्या लाकडांवरून बांधकामाचा काळ इ.स.पू. ४ च्या सुमाराचा निघाला. रोमन भांड्यांबरोबर स्थानिक पद्धतीची मातीची भांडीही मिळाली. २००९ मध्ये एका विहिरीतून घोड्याचं मुलामा दिलेलं कांस्याचं मस्तक वर आलं. अश्वारूढ पुतळ्याचा तो तुकडा होता. चौकात पुतळा उभारणारा माणूस उद्या परत जायच्या तयारीने आलेला नसतो.

मालिकेच्या पहिल्या भागात हे जग नाही. तिथे एका बाजूला चिखलातलं गाव आहे आणि दुसऱ्या बाजूला शिस्तीची छावणी, मधे काही नाही. निर्मितीच्या खर्चाचा प्रश्न मला कळतो, पण लेखक म्हणून मला तो ‘मधला’ प्रदेश हवा होता. रोमन बाजारात धान्य विकणारा चेरुस्की, रोमन मद्य पाजणारा सरदार, मुलाला लॅटिन शिकवायची का यावर घरात होणारा वाद. बंड अशाच ठिकाणी शिजतं, कारण तिथे प्रत्येकाला काहीतरी मिळत असतं आणि काहीतरी जात असतं.

आता खंडणी. पहिल्या भागातला तो प्रसंग परिणामकारक आहे यात वाद नाही. स्वार येतात, मागणी सांगतात, लोक एकमेकांकडे बघतात. पण तो सर्वसाधारण आहे. कुठल्याही देशातल्या कुठल्याही जुलमी फौजेचा प्रसंग असाच लिहिता येतो, आणि आपल्याकडच्या मालिकांत तो शेकडो वेळा लिहिला गेलाय: कणगी फोडली, म्हातारा आडवा आला, म्हाताऱ्याला ढकललं. प्रेक्षक हळहळतो आणि विसरतो. लक्षात राहते ती जुलमाची पद्धत.

पद्धत म्हणजे काय ते रोमन इतिहासकार टॅसिटसकडून घ्या. ही हकिकत थोडी नंतरची, इ.स. २८ मधली आहे आणि उत्तर समुद्रकाठच्या फ्रिसी टोळीची आहे. ड्रूससने त्यांच्यावर कर बसवला होता तो त्यांची गरिबी बघून: सैन्यासाठी बैलांची कातडी द्यायची. कातडं केवढं, किती जाड, हे कोणी विचारत नव्हतं. वर्षानुवर्षं ते चाललं. मग ओलेनियस नावाचा अधिकारी आला. त्याने नियम बदलला नाही, फक्त माप ठरवलं, आणि माप म्हणून धरलं रानबैलाचं कातडं. जर्मनीच्या जंगलात अजस्र रानबैल होते, पण घरच्या गोठ्यातली गुरं लहान चणीची. पाळीव बैलाचं कातडं त्या मापाला पुरणार कसं? आधी गुरं गेली, मग शेतं गेली, मग बायकापोरं गुलामीत गेली. तक्रारी केल्या, दाद लागली नाही. शेवटी वसुलीला आलेल्या सैनिकांना लोकांनी पकडून लटकवलं, आणि ओलेनियस पळाला.

या प्रसंगात आरडाओरडा कुठेही नाही. एक माणूस एक कातडं टेबलावर पसरतो आणि म्हणतो, यापुढे एवढं. बस्स. समोरचा शेतकरी ते कातडं बघतो आणि त्याच्या डोक्यात हिशोब सुरू होतो. पहिल्या भागात हा सीन असता तर खंडणीची रक्कम, पोती, जनावरं काहीच सांगावं लागलं नसतं. तुमच्या मालिकेतही वसुलीचा प्रसंग असेलच. तिथे आधी शोधा की माप कोणाचं होतं, पायली कोणाची, मोजणारा कोण, आणि मोजताना कुठे लबाडी होत होती. आपल्याकडच्या जुन्या कागदपत्रांत यावर इतकं साहित्य आहे की लेखकाला कल्पनाशक्ती ताणायची वेळ येऊ नये.

यापुढचा मुद्दा माझ्या दृष्टीने सगळ्यात मोठा आहे: न्यायदान. वारुसबद्दल आपल्याला जे माहीत आहे त्यातला बराचसा भाग कोर्टकचेरीचा आहे आणि पहिल्या भागात त्याचा मागमूस नाही.

व्हेलियस पाटर्कुलस हा त्या काळात टायबेरियसच्या हाताखाली लढलेला अधिकारी. वारुसला तो सौम्य, शांत, शरीराने आणि मनाने जड, छावणीतल्या आरामाला सरावलेला माणूस म्हणतो. सीरियाच्या सुभेदारीबद्दल त्याने ठेवलेला ठपका फार गाजला: श्रीमंत प्रांतात हा गरीब आला आणि गरीब प्रांतातून श्रीमंत होऊन गेला. जर्मनीत, व्हेलियस सांगतो, वारुसला वाटू लागलं की आपण सैन्याचे सेनापती नसून शहरातल्या चौकात निवाडे करणारे न्यायाधीश आहोत. मोहिमेचा उन्हाळा त्याने दावे ऐकण्यात घालवला.

आणि टोळ्यांनी काय केलं? खोटे दावे रचले. एकमेकांवर लटके आरोप ठेवले, भांडणं उकरून काढली, मग वारुसपुढे उभे राहिले. तो निकाल द्यायचा आणि हे लोक त्याचे आभार मानायचे: आजवर आमच्यात तलवारीने निकाल लागायचे, तुमच्यामुळे कायद्याने लागतायत, आमचा रानटीपणा मावळतोय. वारुस खूश. त्याच सुमारास, डिओ सांगतो, ठिकठिकाणचे लोक येऊन सैनिक मागू लागले: आमच्याकडे पहारा हवा, चोर पकडायचेत, धान्याच्या गाड्यांना सोबत हवी. वारुसने मागेल त्याला सैनिक दिले. फौज विखुरली गेली.

हे वाचताना माझ्यातला पटकथालेखक जागचा उठतो. एक दालन, मधे वारुस, दोन चेरुस्की शेतकरी, दुभाषा. वाद एका गाईवरून. दोघे तावातावाने भांडतायत. वारुस मन लावून ऐकतो, तो वाईट माणूस नाही, त्याला खरोखर वाटतंय की आपण यांना माणसात आणतोय. तो निवाडा देतो. दोघे वाकून आभार मानतात. बाहेर पडतात, कोपऱ्यावर वळतात, आणि एकमेकांच्या खांद्यावर हात टाकून चालू लागतात. गाय कधी नव्हतीच. बाजूला आर्मिनियस उभा आहे, त्याने हे पाहिलंय, आणि तो आत जाऊन काही बोलत नाही. पहिल्या भागाचा शेवट इथे करा. तलवार उपसली नाही, रक्त सांडलं नाही, पण कोण कुठल्या बाजूला आहे आणि केवढं मोठं काहीतरी शिजतंय हे प्रेक्षकाला कळलं. दुसरा भाग बघितल्याशिवाय तो उठणार नाही.

हा न्याय टोळ्यांना किती जाचत होता याची एक भयंकर खूण फ्लोरस नावाच्या लेखकाने नोंदवली आहे. लढाईनंतर सगळ्यात क्रूर सूड त्यांनी वकिलांवर उगवला, असं तो सांगतो. एका वकिलाची जीभ कापली, तोंड शिवलं, आणि कापणारा ती जीभ हातात धरून म्हणाला, सापा, आता तरी फुत्कार थांबव. फ्लोरस बराच नंतरचा आणि अलंकारिक लिहिणारा आहे, त्यामुळे हे शब्दशः घेऊ नका. पण रोमनांच्या आठवणीत या बंडाशी तलवारीइतकीच वकिलाची जीभ जोडली गेली होती, हे त्यातून नक्की दिसतं.

गरुडाच्या चोरीकडे येतो. लीजनचा गरुड म्हणजे त्या सैन्याचं दैवतच. छावणीच्या मध्यभागी त्याचं पवित्र स्थान असे, त्यावर पहारा असे, तो वाहून नेणारा खास नेमलेला माणूस असे. काही तरुणांनी रात्री आत शिरून तो पळवावा ही गोष्ट पटण्यासारखी नाही आणि तशी कुठे नोंदही नाही. गरुड जायचे ते लढाईत. इ.स.पू. १७-१६ च्या सुमारास रोमन सेनापती लोलियसच्या सैन्याचा एक गरुड टोळ्यांच्या हाती पडला होता, तो युद्धात. वारुसच्या तीन लीजन बुडाल्या, १७, १८ आणि १९, त्यांचे तीन गरुड गेले. ते मिळवायला रोमला तीन दशकं लागली: एक इ.स. १५ मध्ये ब्रुक्टेरी टोळीकडून, एक इ.स. १६ मध्ये मार्सींकडून आणि शेवटचा इ.स. ४१ मध्ये, ऑगस्टस आणि टायबेरियस दोघेही मेल्यावर. त्या तीन लीजनचे क्रमांक रोमने पुन्हा कोणत्याही सैन्याला दिले नाहीत.

चोरी खोटी आहे म्हणून ती वाईट, असं मी म्हणणार नाही. पहिल्या भागाला एक हाय पॉइंट लागतो, चॅनलला प्रोमोसाठी एक दृश्य लागतं, आणि अंधारात चमकणारा गरुड हे दृश्य उत्तमच आहे. माझा आक्षेप वेगळा आहे. गरुड पहिल्याच भागात खर्ची पडला. सहाव्या भागात जेव्हा तो खरोखर पडतो, तेव्हा त्याचा जो घाव बसायला हवा तो बसत नाही, कारण आपण त्याला आधीच हातोहात फिरताना पाहिलंय. दुसरं असं की चोरीमुळे पुढच्या घटना सूडाच्या साखळीत अडकतात: तुम्ही गरुड नेला म्हणून आम्ही मारलं, तुम्ही मारलं म्हणून आम्ही उठलो. अख्ख्या प्रदेशावर बसलेली राजवट उलथवण्याचं कारण एवढं खासगी होऊन जातं. आपल्या मालिकांत हा रोग फार आहे. राज्य उभं राहतं ते कुणाच्या तरी बहिणीच्या अपमानातून. प्रेक्षकाला फक्त वैयक्तिक दुःख कळतं अशी समजूत त्यामागे आहे, आणि ती मला मान्य नाही. कातड्याचं माप प्रेक्षकाला नक्की कळेल, फक्त ते नीट दाखवलं पाहिजे.

मानसपुत्राच्या नात्याबद्दल माझं मत संमिश्र आहे. आर्मिनियसला रोमन नागरिकत्व होतं, शिलेदार वर्गाचा मान होता, तो रोमन सैन्याबरोबर मोहिमांवर गेलेला होता, एवढं व्हेलियस सांगतो. वारुसशी त्याचं नातं होतं ते पंगतीचं. तो आणि त्याच्या बाजूचे सरदार सतत वारुसच्या सहवासात असत, त्याच्याबरोबर जेवायला बसत, असं डिओ लिहितो. बापलेकाचं नातं लेखकांनी जोडलं. अभिनेत्यांना त्यातून काम मिळालं: वारुसच्या डोळ्यांत माया, आर्मिनियसच्या मनात ओढाताण. हे चांगलं जमलंय. पण त्याच्या नादात खऱ्या इतिहासातलं याहून जबरदस्त नातं पहिल्या भागाच्या केंद्रस्थानी आलंच नाही, ते म्हणजे आर्मिनियसचा सख्खा भाऊ.

त्याचं रोमन नाव फ्लावुस. तोही रोमन सैन्यात होता, आणि आर्मिनियस फिरला तरी हा फिरला नाही. इ.स. १६ मध्ये वेझर नदीच्या दोन काठांवर दोघे भाऊ समोरासमोर आल्याचा प्रसंग टॅसिटसने लिहिला आहे. फ्लावुसचा एक डोळा टायबेरियसच्या मोहिमेत गेला होता. आर्मिनियस पैलतीरावरून विचारतो, तोंडाला हे काय झालं? तो लढाई सांगतो, जागा सांगतो. बदल्यात काय मिळालं? वाढीव पगार, गळ्यातलं कडं, मुकुट, आणखी मानचिन्हं. आर्मिनियस हसतो: गुलामीचा भाव फारच स्वस्त! मग एक जण रोमची ताकद आणि शरण येणाऱ्याला मिळणारी दया सांगतो, दुसरा मातृभूमी, कुळदैवतं, आणि आपल्या दोघांची आई तुला परत बोलावतेय हे सांगतो. शब्दाने शब्द वाढत जातो आणि फ्लावुस घोडा आणि शस्त्र मागतो. स्टर्टिनियस हा रोमन अधिकारी धावत येऊन त्याला आवरतो म्हणून, नाहीतर नदी मधे असतानाही दोघे भिडले असते. टॅसिटस जाता जाता नोंदवतो की आर्मिनियसच्या बोलण्यात मधेमधे लॅटिन येत होतं.

प्रतिकाराच्या कथेत खलनायक परका असला की काम सोपं असतं. खरी अडचण घरातली असते. एकच आई, एकच बालपण, एकच चाकरी, आणि दोघांनी दोन निर्णय घेतले. दोघांचेही आपापल्या जागी समजण्यासारखे. मालिकेने फ्लावुसला २०२२ च्या दुसऱ्या सीझनमध्ये मोठं स्थान दिलं. मी असतो तर पहिल्या भागाच्या पहिल्या दहा मिनिटांत त्या दोघांना एकाच तंबूत, एकाच ताटात जेवताना दाखवलं असतं.

थुस्नेल्डाच्या बाबतीत लेखकांना मी पूर्ण गुण देतो. तिच्याबद्दल टॅसिटस सांगतो ते मोजकं आहे: तिचं लग्न दुसऱ्याशी ठरलं होतं, आर्मिनियसने तिला पळवून नेलं, आणि बाप सेगेस्टेस त्यामुळे त्याचा आणखी वैरी झाला. नको असलेलं लग्न म्हणूनच पदरचं नाही, फक्त नवऱ्यामुलाचं नाव-गाव लेखकांनी दिलंय. फोल्कविनबरोबरचं प्रेम आणि तिघांची बालमैत्री रचलेली आहे. पण पुराव्यात जिथे फक्त ‘पळवून नेलं’ एवढं आहे, तिथे त्यांनी तिला स्वतःची इच्छा, राग आणि बुद्धी दिली. हे स्वातंत्र्य लेखकाने घ्यायलाच हवं. लिहिणारे सगळे रोमन पुरुष होते, तिच्या मनात काय होतं हे त्यांनी विचारलंच नाही. पुढची हकिकत माहीत असली की पहिल्या भागातली तिची जिद्द आणखी लागते: इ.स. १५ मध्ये ती गरोदर असताना बापामुळेच रोमनांच्या हाती पडली. इ.स. १७ च्या मे महिन्यात रोमन सेनापती जर्मॅनिकसच्या विजययात्रेत तिला लहानग्या मुलासह रोमच्या रस्त्यांवरून चालवलं, आणि तिचा बाप मानाच्या जागेवर बसून ते बघत होता.

सेगेस्टेसला पहिल्याच भागात काळ्या रंगात रंगवलं आहे, तेवढं टाळता आलं असतं. लढाईआधीच्या शेवटच्या मेजवानीत याच माणसाने वारुसला सावध केलं होतं: मला, आर्मिनियसला, सगळ्या सरदारांना आत्ताच बेड्या घाला, पुढारी हाताशी नसले की लोक काही करणार नाहीत, मग कोण खरा कोण खोटा ते सावकाश तपासा. स्वतःलाही बेड्या घाला म्हणणारा माणूस निव्वळ लाचार नसतो. त्याचा हिशोब असा होता की रोमशी लढून आपली टोळी टिकणार नाही. तो चुकला असेल, पण त्याला बाजू आहे, आणि पहिल्या भागातच ती दिली असती तर आर्मिनियसचा निर्णय कितीतरी अवघड झाला असता.

भाषेचा निर्णय मला या मालिकेतला सर्वांत धाडसी वाटतो. टोळ्या आजची साधी जर्मन बोलतात आणि रोमन लॅटिन बोलतात. यामुळे प्रेक्षक आपोआप गावकऱ्यांच्या जागी जाऊन बसतो: घोड्यावरून आलेला माणूस काय बोलतोय ते त्याला कळत नाही, पण आवाजावरून कळतं की काहीतरी न्यायला आलाय. आणि दोन्ही भाषा येणारा आर्मिनियस तोंड उघडताच दोघांच्या मधे उभा राहतो, वेगळा संवाद लिहावा लागत नाही. आपल्याकडे मुघल दरबार आणि आदिलशाही दरबार दोन्ही एकाच नाटकी हिंदी-उर्दूत बोलतात, आणि मावळे एकाच छापाच्या ग्रामीण मराठीत. फारसीतला हुकूम फारसीतच वाचला गेला आणि दुभाष्याने तो मराठीत सांगितला, तर त्या अर्ध्या मिनिटात सत्तेचं सगळं नातं दिसेल. चॅनल आधी नाही म्हणेल. एका सीनपुरतं मागून बघा, मिळतं.

शेवटी, तुम्ही स्पष्ट विचारलेलं नाही पण प्रश्नाच्या मागे आहे ते: नायकाला किती उजळ करायचं? जर्मनीत आर्मिनियसचा ‘हेर्मान’ झाला. डेटमोल्डजवळ डोंगरावर १८७५ मध्ये त्याचा भव्य पुतळा उभा राहिला, तलवार उगारलेला. तळापासून उंची ५३ मीटरच्या वर. लढाईची जागा म्हणून ओस्नाब्रुकजवळच्या काल्क्रीझेकडे आज बोट दाखवलं जातं. १९८७-८८ मध्ये तिथे रोमन नाणी आणि गोफणीच्या शिशाच्या गोळ्या सापडल्या, नंतर वारुसचा ठसा मारलेली नाणी, स्वाराचा लोखंडी मुखवटा, माणसांच्या आणि खेचरांच्या हाडांचे खड्डे मिळाले, आणि ती जागा त्या पुतळ्यापासून बरीच दूर आहे. मधल्या काळात या नावाचा वापर राष्ट्रवादी राजकारणाने आणि पुढे नाझींनीही केला. त्यामुळे आज जर्मन लेखक हा विषय हातात घेतो तेव्हा त्याला पावलोपावली जपावं लागतं, आणि या मालिकेच्या लेखकांनी ते जपलंय: त्यांचा आर्मिनियस पहिल्या भागात तरी देशभक्त नाही, दोन घरांमधला बेघर माणूस आहे.

खरा आर्मिनियस पुढे राजा व्हायला निघाला आणि त्याच्याच नातलगांनी त्याला कपटाने मारलं, वयाच्या सदतिसाव्या वर्षी. टॅसिटस त्याला निःसंशय जर्मनीचा मुक्तिदाता म्हणतो आणि त्याच परिच्छेदात त्याची सत्तेची हावही सांगतो. त्याने दोन्ही गोष्टी एकत्र ठेवल्या. तुम्हीही ठेवा. पहिल्या भागात नायकाच्या एखाद्या छोट्या कृतीत ती हाव दिसू द्या: कुणाचं ऐकायचं टाळणं, विजयाचं श्रेय स्वतःकडे घेणं, असं काहीही. शंभर भागांनंतर लेखकाला तेच उपयोगी पडतं.

मालिका पुन्हा बघणार असाल तर ऑडिओ जर्मन ठेवा आणि सबटायटल्स लावा, डब केलेली बघू नका. आणि वनलाइन (प्रसंगांचा थोडक्यात आराखडा) लिहायला बसण्याआधी टॅसिटसच्या ‘अ‍ॅनल्स’मधला वेझरकाठचा प्रसंग आणि फ्रिसींच्या कातड्याचा प्रसंग, एवढी पानं वाचा. वनलाइन झाली की पाठवा, वसुलीचा सीन मी आधी वाचेन.